कॅशे, पेट्रिकोर आणि शिबलेथ

जुलैतल्या एका शनिवारी कुसगावला गेलो होतो. कुसगाव माहीत नसलेल्यांसाठी: पुण्याहून एक्स्प्रेस वेने निघालात की लोणावळ्याच्या जरासं अलीकडे लागतं. मिसिंग लिंकच्या बातम्यांत ‘खोपोली ते कुसगाव, १३.३ किलोमीटर’ असं वाचलं असेल, तेच हे. माझी इंजिनिअरिंगची चार वर्षं त्या भागात गेली. तेव्हा ज्या काकूंकडे मेस होती त्यांच्याकडे वर्षातून एकदा तरी पिठलं-भाकरी खायला जातो. यंदा मुद्दाम पावसात गेलो. लोहगड, नागफणी सगळं ढगात गुडूप, शेतांत भातलावणी चाललेली, रस्त्याच्या कडेने ओढ्यासारखं पाणी. पडवीतून एक फोटो काढला, खाली एकच शब्द टाकला, ‘पेट्रिकोर’, आणि पाठवून दिला. धडाधड लाइक्स यायला लागले.

काकूंनी विचारलं, "काय लिहिलंस रे?"

म्हटलं, "काकू, पावसाने मातीला वास येतो ना, त्याला इंग्रजीत असा शब्द आहे. आपला मृद्गंध."

काकू हसल्या. "अरे, तो वळवाच्या पावसात येतो. माती तापलेली असली की. आता आषाढ सरत आला. आता येतोय तो कुबट कपड्यांचा नि गोठ्याचा."

खरं सांगतो, नाक लावून बघितलं. गोठ्याचाच येत होता.

रात्री घरी येऊन शब्द नीट शोधला. १९६४ साली इझाबेल जॉय बेअर आणि रिचर्ड थॉमस या दोन ऑस्ट्रेलियन संशोधकांनी ‘नेचर’मधल्या एका लेखात हा शब्द पहिल्यांदा वापरला. ग्रीकमधला ‘पेट्रा’ म्हणजे दगड, आणि ‘आयकोर’ म्हणजे ग्रीक देवांच्या अंगात रक्ताऐवजी वाहतो तो द्रव. म्हणजे दगडाचं रक्त! दीर्घ कोरड्या काळात वनस्पतींमधली तेलं माती-दगडात मुरतात आणि पाऊस पडला की हवेत सुटतात, असं त्यांचं म्हणणं. सोबतीला जिऑस्मिन असतं, मातीतल्या जिवाणूंनी तयार केलेलं. पुढे २०१५ मध्ये एमआयटीच्या संशोधकांनी हाय-स्पीड कॅमेऱ्याने थेंब जमिनीवर आपटताना टिपले. सच्छिद्र मातीवर थेंब पडला की त्यात हवेचे बुडबुडे अडकतात, ते वर येऊन फुटतात आणि बारीक तुषारांबरोबर वास उडतो. हे सगळ्यात चांगलं होतं हलक्या ते मध्यम पावसात. धो धो पावसात फारच कमी.

थोडक्यात, जुलैतलं लोणावळा ही पेट्रिकोरसाठी महाराष्ट्रातली बहुधा सर्वात चुकीची जागा. काकूंना शब्द माहीत नव्हता, पण व्याख्या अचूक माहीत होती. मला शब्द माहीत होता, उच्चारही बिनचूक होता (‘आयकोर’ मधला ‘आय’ इथे ‘इ’ होतो, हे सुद्धा मी कधीकाळी पाठ केलेलं), आणि अर्थ साफ चुकला होता. लाइक देणाऱ्या साठ-सत्तर लोकांपैकी एकानेही हे दाखवलं नाही. उलट मी ‘पेट्रिचोर’ म्हणालो असतो तर चार जणांनी लगेच कान पकडला असता.

आता खरा विषय. हा शब्द मला इतका टोचायचं कारण त्याच्या तीन आठवडे आधी घडलं होतं.

आमच्या ऑफिसात फ्रेशर्सचे इंटरव्ह्यू होते. पॅनेलवर आम्ही दोघं. एक मुलगी आली, मावळातल्याच एका गावातली, बारावीपर्यंत मराठी माध्यम आणि सेमी-इंग्लिश. मी नेहमीचा प्रश्न विचारला: एक पेज उघडायला फार वेळ लागतोय, काय करशील? बहुतेक मुलं थेट उत्तरावर उडी मारतात. ही म्हणाली, आधी वेळ कुठे जातोय ते मोजेन. डेटाबेसमध्ये जात असेल तर क्वेरी बघेन. मग ‘कॅशे’ लावेन. आणि मग तिने उलट मलाच विचारलं, "सर, युजरला किती जुना डेटा दाखवलेला चालेल? त्यावर कॅशे कधी काढायची ते ठरेल."

हा प्रश्न पाच वर्षं अनुभव असलेलेही विचारत नाहीत. कंप्युटर सायन्समध्ये दोनच गोष्टी अवघड आहेत, कॅशमधला शिळा डेटा काढणं आणि गोष्टींना नावं ठेवणं, हा फिल कार्लटन यांचा विनोद आपल्या धंद्यात सगळ्यांना पाठ असतो. पण त्यातलं पहिलं अवघड का आहे हे या मुलीला समजलं होतं.

तिने तिसऱ्यांदा ‘कॅशे’ म्हटल्यावर माझ्या सहकाऱ्याने हसून विचारलं, "यू मीन कॅश?"

त्याचा हेतू वाईट नव्हता. पण त्यानंतर ती मुलगी बंद झाली. जिथे पाच वाक्यं बोलत होती तिथे एक बोलायला लागली. डिझाइन पॅटर्न विचारल्यावर तिने ‘फ’ म्हणून सुरुवात केली, थांबली, आणि "आठवत नाही" म्हणाली. तिला आठवत होतं. ‘फकेड’ म्हणावं की आणखी काही, एवढंच तिला ठरवता येत नव्हतं. हे मी छातीठोकपणे सांगतो, कारण मी त्याच जागी बसलेलो आहे.

नोकरीच्या पहिल्या वर्षी एका डिझाइन रिव्ह्यूमध्ये मी मोठ्या आत्मविश्वासाने ‘फकेड’ म्हणालो होतो. टेबलाभोवती हसू पसरलं. एकाने तर ‘फक्कड’ अशी कोटीही केली (चांगली होती, मान्य). फसाड म्हणजे इमारतीचा दर्शनी भाग. आत काय पसारा आहे तो झाकून समोर नीटनेटकं दार ठेवायचं, म्हणून त्या पॅटर्नला हे नाव. फ्रेंचमध्ये त्यातल्या सीखाली एक छोटीशी शेपटी असते. ती असली की सीचा ‘स’ होतो, जशी आपल्याकडे टिंबाने अक्षराची जात बदलते. इंग्रजी टायपिंगमध्ये शेपटी गळून पडली आणि नुसता सी उरला. मग वाचणाऱ्याने करायचं काय? पण हे सगळं मला नंतर कळलं. त्या दिवसानंतर दीड वर्ष मी तो शब्दच वापरला नाही. ‘रॅपर’ म्हणायचो. रॅपर म्हणजे फसाड नव्हे, अर्थात फरक आहे, पण रॅपर म्हटल्यावर कुणी हसत नाही.

म्हणजे उच्चाराच्या भीतीने मी जाणूनबुजून चुकीचा शब्द वापरत होतो. आणि तो कुणालाही खटकला नाही!

इंटरव्ह्यूनंतर फॉर्म भरला. टेक्निकल: पाचपैकी चार. कम्युनिकेशन: पाचपैकी दोन. सहकाऱ्याने लिहिलं, मी वाचलं, आणि सबमिट दाबलं. मुलगी गेली. त्या क्षणी माझ्या डोक्यात काय होतं हे प्रामाणिकपणे सांगायचं तर, मला थोडं बरं वाटलं होतं. मी आता ‘कॅश’ म्हणणाऱ्यांच्या बाजूच्या खुर्चीत होतो.

असो.

गंमत बघा, ‘कॅशे’ ही चूक तरी कुठली आहे? मूळ फ्रेंच क्रियापद ‘काशे’, म्हणजे लपवणं. कॅनडाच्या जंगलांत फर गोळा करणारे फ्रेंच शिकारी अन्नधान्य, सामान पुरून ठेवायचे, त्या लपवलेल्या साठ्याला इंग्रजांनी ‘कॅश’ म्हटलं. १९६८ मध्ये आयबीएमच्या सिस्टिम ३६०, मॉडेल ८५ बद्दल लिहिताना हा शब्द कंप्युटरच्या मेमरीला लागला. आता त्याचा उच्चार आणि रोकड या अर्थाच्या ‘कॅश’चा उच्चार तंतोतंत एक. आमचा एक क्लायंट पेमेंट्समधला आहे. त्याच्या कॉलवर "कॅश क्लिअर केली का?" असं कुणी विचारलं की दोन सेकंद सगळे विचारात पडतात. ‘कॅशे’ म्हटलं तर निदान घोटाळा तरी होत नाही :-)

इंग्रजीचं स्पेलिंग ही एक लेगसी सिस्टिम आहे. कॅक्स्टनने १४७६ मध्ये इंग्लंडात छापखाना आणला, स्पेलिंगं हळूहळू गोठत गेली आणि त्याच काळात लोकांच्या तोंडातले दीर्घ स्वर मात्र सरकत होते. कोड तसाच राहिला, बिहेवियर बदललं. त्यात काही पंडितांनी मागाहून पॅच मारले. ‘डेट’ म्हणजे कर्ज, त्यातला बी कधीच कुणी उच्चारत नव्हतं. पण लॅटिनमध्ये ‘डेबिटम’ आहे म्हणून तो मुद्दाम घुसवला. ‘आयलंड’मधला एस तर निव्वळ गैरसमजातून आला. ‘कर्नल’मध्ये आर नसून र का आहे, याचं कारण शब्द दोन रूपांत आला, एक र वाला आणि एक ल वाला, आणि स्पेलिंग एकाचं राहिलं, उच्चार दुसऱ्याचा. असा कोडबेस तुमच्या गळ्यात पडला तर तुम्ही राजीनामा द्याल.

म्हणूनच शब्द वाचून शिकलेला माणूस तो चुकीचा उच्चारणारच. इंग्रजांचंही तेच होतं. ‘मिसलेड’ हा शब्द वर्षानुवर्षं मनात ‘मायझल्ड’ असा वाचणारे जन्मजात इंग्रजी बोलणारे कितीतरी आहेत. हॅरी पॉटरमधल्या हर्मायनीचं नाव जगभरच्या मुलांनी इतक्या तऱ्हांनी वाचलं की लेखिकेला चौथ्या पुस्तकात तिच्याच तोंडून दुसऱ्या एका पात्राला उच्चार शिकवावा लागला. आपण तर ‘हर्मिऑन’ म्हणत तीन पुस्तकं संपवली होती. कुणी थांबलं का वाचायचं?

या प्रकाराला इंग्रजीतच एक दुर्मीळ शब्द आहे, आणि मला तो फार आवडतो. शिबलेथ. आपल्यापैकी काहींनी विद्यापीठांच्या लॉगिन पेजवर हे नाव पाहिलं असेल. एकदाच साइन-इन करून सगळीकडे शिरता यावं यासाठीचं ते सॉफ्टवेअर आहे. नाव कुठून आलं? बायबलमधून, ‘शास्ते’ या पुस्तकाच्या बाराव्या अध्यायातून. गिलादच्या लोकांनी एफ्राईमच्या लोकांचा पराभव केला आणि यार्देन नदीचे उतार अडवून धरले. पळून जाणारा एफ्राईमी "मी तो नव्हेच" म्हणाला की त्याला सांगायचे, ‘शिबलेथ’ म्हणून दाखव. हिब्रूत त्याचा अर्थ धान्याचं कणीस. एफ्राईमच्या बोलीत तो ‘श’ निघत नसे, ते ‘सिबलेथ’ म्हणायचे. म्हटलं की तिथेच कापायचे. त्या वेळी बेचाळीस हजार माणसं पडली, असं तिथे लिहिलंय.

कणीस म्हणजे काय हे नदीवर कुणी विचारत नव्हतं. दोन्ही बाजूंना ते माहीतच होतं. शब्द फक्त माणूस कुठला आहे ते ओळखायला वापरला जात होता.

आमच्या पॅनेलवर ‘कॅशे’चं नेमकं हेच झालं. अर्थ तिने सांगितलेलाच होता, आमच्यापेक्षा बरा सांगितला होता. तरी तपासणी झाली ती ‘श’ची.

बरं, हा नियम सगळ्यांना सारखा असता तरी एक वेळ चाललं असतं. आमच्या ऑफिसात निम्मी जनता हिंजवडीला ‘हिंजेवाडी’ म्हणते. लोणावळ्याचा ‘लोनावला’ झाला त्याला जमाना झाला. एका टीम आउटिंगला जाताना बसमध्ये कुसगावची पाटी वाचून एक जण ‘कुसगाओन’ म्हणाला, आणि आम्ही सगळे, मी सुद्धा, तो उच्चार सुधारायच्या फंदात पडलो नाही. यात राग नाही. परक्या भाषेतला ळ आणि ण नाही जमत, काय करणार. पण ज्याला ण म्हणता येत नाही त्याच्या अप्रेझलमध्ये कुणी ‘कम्युनिकेशन दोन’ लिहीत नाही. ब्रिटिशांनीही खडकीचं ‘किर्की’ केलं, त्यांच्या गॅझेटियरमध्ये लोणावळ्याचं ‘लोनौली’ झालं, आणि नागफणीला ड्यूक ऑफ वेलिंग्टनचं नाक दिसलं म्हणून ‘ड्यूक्स नोज’ म्हणाले. आजही निम्मे ट्रेकर तेच म्हणतात.

आणि आपण मराठी माणसं काय कमी आहोत? मी बार्शीचा. पुण्यात पहिल्या आठवड्यात ‘पानी’ म्हटल्यावर कुणीतरी ‘पाणी, पाणी’ असं दोनदा म्हणून दाखवलं होतं. ‘आनि-पानी-लोनी’ ही आपल्या घरातली शिबलेथ. त्या मुलीने कॉलेजात ती एकदा पार केली असणार, आणि आमच्याकडे पुन्हा दुसरी.

कुणी म्हणेल, अरे पण क्लायंटशी बोलायचं असतं, उच्चार नको का नीट? हवाच. उच्चाराला काहीच महत्त्व नाही असं मी म्हणत नाहीये. पण ज्या उच्चारांनी खरोखर नुकसान होतं ते कुठले ते बघा. ‘फिफ्टीन’ आणि ‘फिफ्टी’. एकदा कॉलवर एकाने सर्व्हर पंधरा करा म्हटलं, दुसऱ्याने पन्नास ऐकलं, आणि महिन्याच्या शेवटी क्लाउडचं बिल बघून मॅनेजर घेरी येऊन पडायचा बाकी राहिला. ‘कॅन’ आणि ‘कान्ट’ही तसेच, आपल्यात शेवटचा ट गिळला जातो आणि समोरचा होकार समजतो. या चुका आपण सगळेच करतो, कॉन्व्हेंटवालेही करतात, आणि त्यावर कुणी हसत नाही. हसू येतं ते ‘कॅशे’ आणि ‘फकेड’वर, जिथे समोरच्याला शंभर टक्के कळलेलं असतं. कळलेलं असतं म्हणूनच तर तो सुधारू शकतो ना!

माझ्याकडे अजून एक वही आहे, होस्टेलवरची. जीआरई द्यायचं खूळ होतं तेव्हाची (दिली नाही, तो वेगळा विषय). बॅरन्सची ती प्रसिद्ध ३३३ शब्दांची यादी आम्ही पाठ करायचो. पावसाळ्यात कुसगावात लाइट गेली की दुसरं करायचं तरी काय? पण जीआरईत बोलायचं काहीच नसतं. शब्द वाचायचा, गाळलेली जागा भरायची, संपलं. चार भिंतीत चार मुलं शेकडो शब्द डोळ्यांनी शिकत होती, कानांनी एकही नाही. मी डावीकडे शब्द लिहायचो, मध्ये देवनागरीत उच्चार, उजवीकडे मराठी अर्थ. उच्चार अर्थातच अंदाजपंचे. ‘ऑनवी’, म्हणजे काहीच करावंसं न वाटणारा कंटाळा, तो माझ्या वहीत ‘एन्नुई’ आहे. ‘शिकेनरी’, म्हणजे शब्दच्छल करून फसवणं, तो ‘चिकनरी’. त्यापुढे एका रूममेटने कोंबडी काढून ठेवलीय. ‘अराय’ म्हणजे वाकडं, बिनसलेलं, तो ‘ऑरी’. ‘क्विक्सॉटिक’ मात्र बरोबर, आणि तो बरोबर असणं हाच अन्याय आहे. कारण ज्याच्यावरून तो शब्द आला तो डॉन मात्र ‘किहोते’!

शाळेत इंग्रजीच्या पुस्तकात देवनागरी लिहिलं की छडी मिळायची. इंग्रजी हे इंग्रजीतच शिकायचं म्हणे. मला हे आता उलटं वाटतं. इंग्रजी बोलताना सगळ्यात जास्त येणारा स्वर कुठला? ‘अबाउट’मधला पहिला, ‘कंप्युटर’मधला शेवटचा, तो अर्धवट, ढिला, तोंड धड न उघडता निघणारा. भाषाशास्त्रात त्याला ‘श्वा’ म्हणतात. इंग्रजी वर्णमालेत त्याला स्वतःचं अक्षरच नाही. ए, ई, आय, ओ, यू, कुणीही त्याचं काम करतं, आणि स्पेलिंगचा निम्मा गोंधळ तिथेच आहे. आपल्याकडे त्याच्या अगदी जवळचं अक्षर आहे आणि ते पहिलंच आहे: अ. ‘फोटोग्राफ’ पण ‘फटॉग्रफी’, असं देवनागरीत लिहून बघा. जोर कुठून कुठे सरकला आणि कुठला स्वर ढिला पडला हे एका नजरेत दिसतं. इंग्रजी स्पेलिंगमधून हे कुणालाही कळणार नाही.

ॲ आणि ऑ तर आपण खास याचसाठी घेतले. महाराष्ट्र शासनाने २००९ च्या निर्णयात हे दोन स्वर वर्णमालेत रीतसर बसवले. युनिकोडमध्ये अ वर चंद्र असलेलं एकसंध ‘ॲ’ २००८ साली, ५.१ आवृत्तीत आलं. त्याआधी लोक अ आणि चंद्र असे दोन तुकडे जोडायचे, आणि ते अजूनही जुन्या पानांवर पडलेत. दिसायला सारखे, आत कोड वेगळा, त्यामुळे शोधलं तर सापडत नाही. ज्यांनी मराठी सर्च लिहिलंय त्यांना ही डोकेदुखी ठाऊक असेल.

सगळं काही जमतं असं नाही. व्हिडिओतला व्ही आणि व्हॉट्सॲपमधला डब्ल्यू, दोन्ही आपण ‘व्ह’नेच लिहितो आणि मग तसेच बोलतो. एफ आणि फ चा घोळ आहेच. आणि फार टेंभा मिरवायलाही नको. ‘चार’ हा आकडा आणि गाईला ‘चार’ घाल, म्हणजे चारायला सांगणं, यात च वेगळा आहे, लिहितो मात्र एकच. मराठी शिकणारा परदेशी माणूस आपल्या नावाने खडे फोडत असेल. तरीपण वहीत देवनागरी उच्चार लिहिणाऱ्या पोराला अडाणी समजू नये, एवढं माझं म्हणणं. हल्ली फोनवर कुठल्याही शब्दाचा आवाज ऐकता येतो. ऐकायचं आणि आपल्या अक्षरात लिहून ठेवायचं. मी ती जुनी वही तशी दुरुस्त करतोय, लाल पेनाने. कोंबडी ठेवलीय.

अमेरिकेतल्या स्पेलिंग बीचे व्हिडिओ बघता का? मला व्यसन आहे. २०१९ साली वीस फेऱ्या झाल्यावर अवघड शब्द संपत आले आणि आठ मुलांना एकत्र विजेते घोषित केलं. त्यात एक सुखटणकर आडनावाचा मुलगा होता, टेक्सासचा. त्याचा शेवटचा शब्द ‘पेंडेलोक’ (फ्रेंचमध्ये पहिला स्वर नाकात जातो). म्हणजे दागिन्यात लोंबणारं थेंबाच्या आकाराचं रत्न. आपण झुंबराला लटकणाऱ्या काचेला लोलक म्हणतो, जवळपास तोच. २०२१ ची विजेती झायला अवांगार्ड जिंकली ‘मरेया’वर. ही झाडांची एक प्रजाती, मरे नावाच्या वनस्पतीशास्त्रज्ञाच्या नावावरून. आपली कुंती त्यातलीच, आणि फोडणीतला कढीपत्ताही वर्षानुवर्षं त्याच नावाखाली मोडत आला. काकूंच्या पडवीसमोर झाड आहे!

त्या स्पर्धेतला मला आवडणारा भाग वेगळाच आहे. मुलाला शब्द दिला की तो पहिलं काय विचारतो? व्याख्या सांगा. मग मूळ भाषा सांगा. वाक्यात वापरून दाखवा. आणखी कुठला उच्चार आहे का? हे विचारायचा त्याला हक्क असतो, आणि कुणी हसत नाही. शब्द नवा आहे हे सगळ्यांना मान्यच असतं. आमच्या इंटरव्ह्यू रूममध्ये एवढंच हवं होतं. "कॅशे म्हणजे तुझ्या मते काय?" असं माझ्या सहकाऱ्याने विचारलं असतं तर पुढची पंधरा मिनिटं फार छान गेली असती. मी विचारलं असतं तरी.

कुसगावहून आलो त्या रविवारी एचआरला मेल लिहिला. तीन गोष्टी मागितल्या. फॉर्मवरच्या ‘कम्युनिकेशन’ रकान्याखाली ‘समजलं का?’ एवढाच निकष लिहावा. इंटरव्ह्यू चालू असताना उच्चार सुधारू नये. आणि त्या मुलीला परत बोलवावं, तिच्या फॉर्मवर सही करण्यात माझी चूक झाली.

मंगळवारी उत्तर आलं. पहिल्या दोन गोष्टींवर: ‘नोटेड, थँक्स.’ तिसऱ्यावर: एकदा रिजेक्ट झालेल्या उमेदवाराला सहा महिने बोलावता येत नाही, पॉलिसी आहे. जूनच्या शेवटच्या आठवड्यात इंटरव्ह्यू झाला होता. डिसेंबरच्या अखेरचा रिमाइंडर लावून ठेवलाय. तोवर तिला दुसरीकडे नोकरी लागलेली असेल, लागावीच. नाही लागली तर पॅनेलवर मी बसणार आहे हे आत्ताच कळवून टाकलंय.